माणसाला चाळीस, जनावराला पाच

"बसवली की उलटी पडते, आणि उलटी पडली की शेपूट वर! ही बाहुली आहे का भिंतीतली खुंटी?" डावरी पुटपुटली आणि सुई दातांत धरून तिनं हातातल्या बाहुलीचा फ्रॉक पुन्हा वर केला.

समोरच्या खुर्चीतून थोरल्या वहिनींनी मान वर न करता विचारलं, "टाका खाली घेतलास का?"

"आणखी किती खाली घेऊ, वहिनी? याच्याखाली पाय सुरू होतात."

खोलीभर हसू फुटलं. पलीकडून कापूस भरणारी म्हणाली, "माझ्या नवऱ्याला एक लावून दे गं. पाच टक्क्यांत जाईल तिकडं."

"त्याला लावायला कशाला हवी? तो आहे तसाच जाईल."

वहिनीही हसल्या. पण वर्षापूर्वी या खोलीत चौदा जणी हसायच्या, आता नऊच हसत होत्या, आणि हसून झालं की प्रत्येकीची नजर आपसूक दाराकडे जायची.

कारखाना म्हणायचा, पण होती ती एकच लांब खोली. खाली छापखाना, वर बाहुल्या. छापखान्याचं यंत्र चालू असलं की वरची जमीन थरथरायची. म्हणून डोळे रंगवायचे ते यंत्र कागद बदलायला थांबलं की. सत्तावीस वर्षं वहिनी त्या थांबण्याच्या मापानं जगल्या होत्या. यंत्र थांबलं, श्वास धरला, कुंचला टेकवला, आणि यंत्र पुन्हा धडधडायच्या आत डोळा झालेला असायचा.

बाहुलीचं धड कापडाचं, डोकं लाकडाचं. कातरकाम, शिवण, केस, फ्रॉक या सगळ्या कामांवर माणसं आली नि गेली. डोळ्यांवर मात्र वहिनीच. धंदा दोघा भावांनी काढलेला. थोरला, म्हणजे वहिनींचे यजमान, जाऊन अकरा वर्षं झाली होती. त्यांच्या मागे वहिनींच्या वाट्याला तीन गोष्टी राहिल्या. खिडकीजवळचं हे टेबल, धाकट्या दिराच्या घरातली मागची खोली, आणि घरादारानं येता-जाता म्हणायचं एक वाक्य, "डोळे म्हणजे वहिनींचेच." पहिल्या दोन गोष्टी या तिसऱ्या गोष्टीवर उभ्या आहेत, हे वहिनींना कुणी सांगितलं नव्हतं. सांगायची गरजही पडली नव्हती.

डोळ्याचं शेवटचं काम म्हणजे उजेड देणं. काळ्या बुबुळावर टाचणीच्या डोक्याएवढा पांढरा ठिपका. तो दिला की इतका वेळ लाकूड असलेलं ते डोकं एकदम तुमच्याकडं बघायला लागायचं. ठिपका कुठं द्यायचा? तर खिडकी जिकडं असेल तिकडं. वहिनी उजव्या हातानं काम करणाऱ्या, खिडकी त्यांच्या डाव्या अंगाला, म्हणून ठिपका डावीकडे. समोर बसायची ती डावरी. डाव्या हाताची म्हणून डावरी; खरं नाव फक्त हजेरीच्या वहीत. तिची खिडकी उजव्या अंगाला. दोन वर्षं वहिनींनी तिला डोळे शिकवले होते, ते अगदी हाताला धरून. "उजेड दिल्याशिवाय बाहुली हातातून सोडायची नाही," असं बजावून. "नाही दिलास तर ती जन्मभर तुझ्याकडं तोंड करून बसेल, बघ." डावरी तेव्हा पोटुशी होती. हसता हसता तिला धाप लागायची.

मग ज्या दूरदेशी दहातल्या नऊ बाहुल्या जायच्या, तिथल्या सरकारनं कर बसवला. तिथल्या बाहुल्यावाल्यांनी म्हणे रडून गोंधळ घातला होता, की बाहेरून स्वस्त माल येतो आणि आमची चूल विझते. त्यांची चूल पेटती राहावी म्हणून इकडच्या पाच जणी घरी गेल्या. पाचही जणींनी जाताना आपापली कात्री धुऊनपुसून जागेवर ठेवली होती. वहिनींना कितीतरी दिवस त्या कात्र्यांकडे बघवत नव्हतं.

त्यानंतर एक दिवस माल पाठवायची कागदपत्रं करणारा दलाल आला. गुळगुळीत दाढी, बोटात पेन फिरवायची सवय. त्यानं मालकांच्या, म्हणजे दिराच्या, टेबलावर एक तक्ता पसरला.

"मालक, हे दोन रकाने बघा. माणसाच्या आकृतीची बाहुली असेल तर चाळीस टक्के कर. जनावर, राक्षस, परी, जे काही माणूस नाही ते, पाच टक्के."

"मग?"

"मग माणूस कशाला राहताय?"

दलालानं पेनानं हवेत एक वेलांटी काढली. "एक शेपूट. दोन कान. बाकी फ्रॉक तोच, वेणी तीच. दुकानात गेल्यावर पोरांनी शेपूट उपटून टाकलं तर आपण काय करणार?"

तेव्हापासून बायकांनी त्याचं नाव शेपूटवाला ठेवलं.

शेपूटवाला जाता जाता वहिनींच्या टेबलापाशी थांबला. एक बाहुली उचलून त्यानं तिच्याकडं पाहिलं, तिनं त्याच्याकडं पाहिलं, आणि त्यानं ती पटकन खाली ठेवली. "हे असलं नको, बाई. तिकडचा अधिकारी खोक्यातली एक बाहुली काढतो नि नुसता बघतो. माणूस वाटलं की संपलं. नुसती काळी टिकली काढा. मुका डोळा."

मुका डोळा! वहिनींनी तोही केला. सोपा नव्हता. यंत्र थांबायचं, बुबुळ व्हायचं, आणि हात आपोआप पांढऱ्या रंगाच्या वाटीकडं वळायचा. शेवटी त्यांनी वाटीवर झाकण घातलं आणि झाकणावर दोऱ्याची रिळं रचून ठेवली. शेपटीवाल्या, टिकलीच्या डोळ्यांच्या बाहुल्यांची पहिली खेप पाच टक्क्यांत पार झाली. मालकांनी सगळ्यांना चहा पाजला. धाकटी जाऊ पेले भरता भरता म्हणाली, "बघा जाऊबाई, तुमच्या त्या ठिपक्यावाचून काही अडलं का?" बोलणं हसतच होतं, पण वहिनींना चहा कडू लागला.

दुसरी खेप अडली.

शेपूटवाल्यानं उभ्या उभ्या कागद वाचला. "शेपूट आणि कान विचारात घेतले. तरीही बाहुली पाहणाऱ्याकडं माणसासारखी पाहते." पूर्ण खेपेवर माणसाचा कर. तिकडच्या व्यापाऱ्यानं हात वर केले होते. माल परत येत होता, दोन हजार चारशे बाहुल्या. कागदासोबत एक फोटो होता. मालकांनी तो बराच वेळ पाहिला, घडी घातली आणि खिशात ठेवला. कुणाला दाखवला नाही.

मग सगळ्यांनी वहिनींकडं पाहिलं.

कुणी एक शब्द बोललं नाही. ओरडलं असतं तर बरं झालं असतं. विचारलं असतं तर नाही म्हणता आलं असतं. पण न विचारलेल्या गोष्टीला नाही कसं म्हणणार? घरात जेवताना दीर ताटाकडं बघून जेवायचे. धाकटी भांडी जरा जास्तच आवाज करून ठेवायची आणि भांड्यांशीच बोलायची, "हौस! माणसाला एकेक हौस असते. आपल्या हौसेपायी दुसऱ्याच्या पोराबाळांच्या तोंडचा घास गेला तरी चालतो." वहिनी आपलं ताट घासून मागच्या खोलीत जायच्या.

आणि सगळ्यात वाईट म्हणजे, त्यांची स्वतःचीही खात्री नव्हती. सत्तावीस वर्षांची हाताची खोड. झाकण होतं, रिळं होती. पण एखाद्या दिवशी, मन दुसरीकडं असताना, हातानं रिळं बाजूला केली नसतील कशावरून? वहिनी आपल्या उजव्या हाताकडं घरात चोर शिरलाय अशा नजरेनं बघायला लागल्या.

खोकी परत आली तेव्हा मालकांनी नवा बेत ठरवला होता. रंगवलेले डोळेच नकोत. बटणासारखे, आत काळं बुबुळ हलणारे मणी आणायचे, डिंकानं चिकटवायचे. कोणता अधिकारी त्याला माणूस म्हणतो बघू. मणीही त्याच देशातून यायचे, आणि तिकडच्यांनी इकडच्या बाहुल्या अडवल्या म्हणून इकडच्या सरकारनंही उट्टं काढायला त्या मण्यांवर कर चढवला होता. म्हणजे डोळे आता पूर्वीपेक्षा महाग पडत होते आणि आंधळे होते.

"जुने डोळे पुसून काढावे लागतील," मालक टेबलावर ठेवलेल्या रंग काढायच्या बाटलीकडं बघत म्हणाले. "वहिनी, तुम्हीच कराल ना? तुमचा हात हलका आहे."

वहिनी म्हणाल्या, "करीन."

दुसरं काय म्हणणार होत्या? बाहुली मांडीवर घ्यायची, चिंधी बाटलीत बुडवायची, आधी डावा डोळा, मग उजवा. काळा रंग गालावरून ओघळायचा, तो दुसऱ्या चिंधीनं टिपायचा. मग कोरं लाकूड पलीकडं द्यायचं. तिथं डावरी मणी बसवायची, आणि बाहुली जरा हलवली की ते मणी गरगरायचे. एक वर बघायचा, एक खाली. पहिल्या दिवशी बायका हसल्या. दुसऱ्या दिवशी कुणी हसलं नाही. वहिनींच्या बोटांची कातडी पांढरी पडून सोलायला लागली. कापूस भरणारीनं न बोलता त्यांच्यापुढं तेलाची बाटली सरकवली आणि लगेच आपल्या जागेवर जाऊन बसली, कुणी पाहिलं तर नाही ना म्हणून.

तिसऱ्या दिवशी दुपारी हाताला लागलं ते परदेशी चिकटपट्टीचं खोकं. फोडून पुन्हा बंद केलेलं. हेच ते अधिकाऱ्यानं उघडलेलं. चोवीस बाहुल्यांचं.

वहिनींनी पहिली बाहुली उचलली. तिनं त्यांच्याकडं पाहिलं.

खरंच पाहिलं. बुबुळात पांढरा ठिपका होता. म्हणजे दिला होता तर. म्हणजे मीच. त्यांनी दुसरी उचलली, तिसरी उचलली. चोवीसच्या चोवीस बाहुल्या बघत होत्या. आणि मग, छापखान्याचं यंत्र थांबल्यावर जसं एकदम सगळं स्पष्ट ऐकू येतं तसं, त्यांना दिसलं. ठिपका उजवीकडे होता.

त्यांनी मान वर केली. डावरीचा डावा हात मणी चिमटीत धरून हवेतच थांबला होता. वहिनींनी खोलीभर नजर फिरवली. प्रत्येकीची मान आपापल्या कामात होती, जरा जास्तच खाली होती. हे खोकं कधीतरी निघणार हे त्यांना माहीत होतं. सगळ्यांना माहीत होतं, त्यांच्याशिवाय.

हात धुवायला नळावर गेल्या तशी डावरी मागोमाग आली. नळ सोडून तिनं पाण्याच्या आवाजात बोलायला सुरुवात केली.

"वहिनी, तुम्ही त्या दिवशी दवाखान्यात गेला होता. एक खोकं कमी पडत होतं. मालकीणबाईंनी मला बसवलं डोळ्यांवर. मी मुकेच काढणार होते, शपथ. पण तुम्हीच सांगितलेलं ना, उजेड दिल्याशिवाय हातातून सोडायची नाही. हात थांबलाच नाही. कळलं तोवर खोकं बंद होऊन गेलं होतं."

"आणि नंतर? नंतर बोलली का नाहीस?"

"बोलले. मालकीणबाईंना सांगितलं, खेप अडल्याचा कागद आला त्याच दिवशी, रडत रडत." तिनं नाक बाहीला पुसलं. "त्या म्हणाल्या, गप्प बस. जाऊबाई घरच्या आहेत, त्यांना कोण काढतंय? तुला काढतील. तुझं पोर लहान आहे."

पंधरा दिवसांची भांड्यांची आदळआपट वहिनींच्या कानात पुन्हा एकदा वाजून गेली. घरच्या! घरच्या म्हणून जेवताना कुणी बोलत नव्हतं, घरच्या म्हणून डोळे पुसायला बसवलं होतं.

"मी कुणाला सांगणार नाही," त्या म्हणाल्या. "नळ बंद कर. पाणी वाया जातंय."

डावरी खाली वाकली. वहिनींनी तिच्या डोक्यावर क्षणभर सोललेला हात ठेवला. तेव्हा त्यांना ते मनापासून वाटत होतं.

परत येऊन बघतात तर मालक त्यांच्या टेबलापाशी उभे. सोबत धाकटी, हातात मोजपट्टी. टेबलाची लांबी घेणं चाललं होतं.

"मणी बसवायचं यंत्र येतंय," मालक म्हणाले. "उजेडाची जागा हवी त्याला."

"मग मी कुठं बसू?"

मालकांनी धाकटीकडं पाहिलं. धाकटीनं मोजपट्टी गुंडाळली. "जाऊबाई, तुमची भाची किती दिवस बोलावतेय. जा ना थोडे दिवस. हवापालट होईल. इतकी वर्षं राबलात, आता जरा आराम करा."

"थोडे म्हणजे किती?"

"अहो, थोडे म्हणजे थोडे. तिथं करमलं तर राहा आणखी. तुमचीच आहे ती."

"आणि माझी खोली?"

"खोली कुठं जातेय? मणी, डिंक, खोकी, जरा सामान ठेवू तात्पुरतं."

सगळं कसं तात्पुरतं होतं, थोडं होतं, जरासं होतं. धाकटी हसत होती. तिच्या हसण्यात इतकी माया होती की वहिनींच्या पायाखालची जमीन सरकल्यासारखी झाली. छापखान्याच्या यंत्रानं नव्हे. सत्तावन्नाव्या वर्षी, एका भाचीच्या घरात, कुणाच्या तरी पोरांच्या वेळा सांभाळत, "मावशी आलीय थोडे दिवस" असं शेजारणींनी म्हणायचं. खिडकी नाही. कुंचला नाही. आणि मागे इथं सगळ्यांनी मनात म्हणायचं, की त्यांच्याच ठिपक्यापायी झालं सगळं.

पाच मिनिटांपूर्वी नळाशी दिलेला शब्द त्यांना आठवत होता. चांगलाच आठवत होता. तरी त्यांचा हात त्या खोक्यात गेला, एक बाहुली निघाली, आणि त्यांनी ती मालकांच्या तोंडासमोर धरली.

"भाऊजी, हा ठिपका बघा. कुठं आहे बघा. हा माझा नाही."

कुणाचा ते त्या बोलल्या नाहीत. गरजच नव्हती. डावरीच्या हातातला मणी टप्पकन पडला आणि जमिनीवर गोल गोल फिरत वहिनींच्या पायाशी येऊन थांबला, वर बघत. डावरीनं तो उचलला नाही. ती वहिनींकडं बघत होती, आणि तिच्या डोळ्यांत तेव्हा जे होतं ते वहिनींना कुठल्याच कुंचल्यानं रंगवता आलं नसतं.

मालकांनी बाहुली हातातही घेतली नाही.

"माहीत आहे," ते म्हणाले.

"काय माहीत आहे?"

"फोटो आला तेव्हाच पाहिलं. उजवीकडचा ठिपका कुणाचा, हे मला सांगायला नको. लहानपणी दादाबरोबर मीही बाहुल्या रंगवल्यात... जाऊ दे."

"मग पंधरा दिवस मी ... भाऊजी, तुम्ही एकदा तरी म्हणायचं होतं, की वहिनी, हे तुम्ही केलं नाहीत!"

"अहो, कशाला आता," धाकटी घाईघाईनं मध्ये पडली. "जातायत ना त्या भाचीकडं. ठरलंय ना. चला, यंत्राचा माणूस येईल."

"ठरलंय कुणाचं?" वहिनी म्हणाल्या. "मला कुणी विचारलं? डावरीला काढू नका, मी तेवढ्यासाठी नाही बोलले. पण चूक माझी नसेल तर माझं टेबल का जातंय? ते सांगा. एकानं तरी तोंडानं सांगा!"

खाली यंत्र कागद बदलायला थांबलं. जमीन शांत झाली. बाकीच्या जणी आपापली सुई हवेत धरून बसल्या होत्या. मालकांनी एकदा दाराकडं पाहिलं, एकदा खिडकीकडं. वहिनींकडं बघायचं सोडून त्यांनी सगळीकडं बघून घेतलं, आणि मग दुसरं काही उरलं नाही म्हणून वहिनींकडं पाहिलं.

"चूक तुमची निघाली असती तर बरं झालं असतं, वहिनी. कुणाला काही बोलावं लागलं नसतं. हा ठिपका नसता तरी पुढच्या खेपेला त्यांनी दुसरं काहीतरी काढलंच असतं. डावरी शेपटं शिवते, मणी बसवते, खोकी बांधते. तुम्हाला फक्त डोळे येतात. आणि ते इतके चांगले येतात, की आता ते कुठल्याच देशात कुणाला परवडत नाहीत. तुम्ही आम्हाला नको आहात."